मूकपटातली मोलकरीण

पोलंडचे जुने मूकपट बघताना नायिकेकडे ढुंकूनही न बघणारा माणूस अख्ख्या टेक्ससमध्ये एकच असेल, आणि तो नेमका आमच्या गळ्यात पडला होता. तिथल्या प्लेनो शहरातले आम्ही सगळे मराठी कॉम्प्युटरवाले; हा एकटा सिनेमावर पीएचडी करणारा. विषय काय, तर त्या मूकपटांतले नोकरचाकर! जमीनदाराच्या दिवाणखान्यात नायिका प्रेमभंगाने मूर्च्छा येऊन पडली की आमचा जीव खालीवर व्हायचा. हा मात्र पडद्याच्या कडेला बोट लावून ओरडायचा, "तिला सोड यार, मागे ट्रे घेतलेली बघ! मघापासून उभी आहे. कोणी बस म्हणालं तिला?" त्या बिननावाच्या मोलकरणींना त्याने गंगूबाई, सखूबाई अशी नावंही दिली होती. कुणाकडे जेवायला गेला, तर वाढणारी बसल्याशिवाय हा घास घ्यायचा नाही. त्यामुळे आमच्या बायकांचा तो भारी लाडका आणि आमच्या डोक्याला ताप.

या वेडाचं मूळ त्यानेच एकदा सांगितलं. त्याच्या आईने पुण्यात लोकांकडे स्वयंपाकाची कामं करून त्याला शिकवलं होतं. "दुसऱ्यांची टेबलं मांडण्यात जन्म गेला तिचा. इथे आली ना, की सगळ्यांच्या मधोमध बसवणार तिला."

दोन हजार सहाच्या उन्हाळ्यात त्याची आई, म्हणजे आमच्या काकू, आल्या. त्या परत जायच्या आधीच्या रविवारी त्याने आम्हाला बोलावलं. काकूंना काम पडू नये म्हणून जेवण बाहेरून मागवलेलं, मधली खुर्ची त्यांची, आणि समोर टीव्हीवर मूकपट. पण पुऱ्या आल्या त्या गार, चामट. "अशा कशा खाल रे पोरांनो?" म्हणत काकू उठल्या.

"आई, बस ना तू!"

"एक घाणा काढते, आलेच."

तेवढ्यात पडद्यावर सखूबाई आली आणि हा रंगात आला. गरम पुऱ्या येत राहिल्या, आम्ही हाणत राहिलो. बोलण्याच्या भरात त्यानेही खाल्ल्या. सिनेमा संपल्यावर तो तावातावाने म्हणाला, "बघितलंत? शेवटपर्यंत तिला कोणी बस म्हणालं नाही!" आणि मागे वळला. त्याचं बोलणं मोडू नये म्हणून काकू पुऱ्यांचं ताट घेऊन दाराशी थांबल्या होत्या.

त्याचा चेहरा पार उतरला. "आई, तू पिक्चर बघितलाच नाहीस."

"बघितला की. इथून उभ्याने छान दिसला. ती पोर मात्र दमली असेल रे."

पुढे गुडघ्यांमुळे काकूंचं पुन्हा येणं झालं नाही. त्याला पीएचडी मिळाली, प्रबंधाचं कौतुकही झालं. अभिनंदनाला मी फोन केला, तेव्हा तो म्हणाला, "मधली खुर्ची रिकामीच राहिली यार."