आबांच्या हिरव्या कोटाची बटणं

मी इतिहासात बी.ए. आहे, आणि लग्न होऊन कळसला आल्यावर पहिल्या सहा महिन्यांत ही गोष्ट ठाऊक नसलेला माणूस गावात उरला नसेल. नळावर पाणी भरताना सांगितली, डेअरीवर दूध घालताना सांगितली, एकदा तर म्हशीला इंजेक्शन द्यायला आलेल्या डॉक्टरांनाही सांगितली. ते म्हणाले, "बरं. शेपूट धरा जरा." सेकंड क्लासचं मात्र मी कुणाला सांगितलं नाही. नव्वदीची सुरुवात होती, गावात शिकलेल्या सुना मोजक्याच होत्या, त्यामुळं कौतुक भरपूर व्हायचं आणि मला ते कमी पडायचं.

माझे सासरे, आबा, फौजेतून हवालदार होऊन पेन्शनीवर आलेले. त्यांची पलटण रायफलवाली. रायफलवाली म्हणजे काय, हे मला ठाऊक नव्हतं, आणि आपल्याला ते ठाऊक नाही हेही ठाऊक नव्हतं. एकदा मी बोलता बोलता त्यांना शिपाई म्हणाले, तेव्हा त्यांनी शांतपणे दुरुस्त केलं.

"शिपाई न्हाय, पोरी. आमच्यात रायफलमन म्हंत्यात. हवालदार व्हायच्या आदी मी रायफलमन हुतो."

मला वाटलं, एकाच गोष्टीची दोन नावं असतील. मी मान डोलावली आणि विसरून गेले.

त्या जानेवारीत बारामतीत माजी सैनिकांचा मेळावा ठरला. घरी छापील पत्र आलं. आबांनी ते तीनदा वाचलं, मग चष्मा पुसला आणि मला वाचायला दिलं. पाहुणे म्हणून जे निवृत्त अधिकारी येणार होते, ते आबांचे जुने कंपनी कमांडर होते.

आबा फौजेचं फारसं बोलत नसत. त्या दिवशी बोलले. डोंगरावरच्या एका चौकीची वाट बर्फानं बंद झाली, तेव्हा ते आणि साहेब दीड महिना एकाच बंकरमध्ये राहिले होते. साहेब तेव्हा कोवळे कप्तान, उत्तरेकडचे. आबांनी त्यांना पत्ते शिकवले, मराठी शिव्या शिकवल्या, एका आजारात चमच्यानं पेज पाजली. वाट मोकळी झाली तेव्हा साहेब म्हणाले होते, "तुम्हें तो कहीं भी पहचान लूँगा." त्यानंतर साहेबांची बदली झाली, ती झालीच. मध्ये तीसेक वर्षं गेली.

"वळखत्याल का गं मला?" आबांनी विचारलं. "क्यास गेलं, पुढचं दात गेलं. मिशी हुती तवा काळी हुती."

"ओळखतील की," मी म्हणाले. मला काय जात होतं म्हणायला.

"कोट घालतो म्हंजी झालं. पलटनीच्या शिंप्यानं शिवलाय."

मग ट्रंकेतून तो गडद हिरवा कोट निघाला. पेन्शनीवर येताना आबांनी तो शिवून घेतला होता. डांबरगोळ्यांचा वास घालवायला आम्ही तो दोरीवर टाकला. मी जवळ जाऊन पाहिलं. कापड झकास होतं, पण बटणं काळीठिक्कर. पुढं सहा, मनगटांना दोन-दोन, सगळीच्या सगळी काळी. नखानं खरवडलं तर आत पितळ दिसलं. माझा जीव हळहळला.

इथं माझ्या माहेराबद्दल सांगायला हवं. पणदऱ्याला आमच्या आईच्या मांडणीवरची पितळेची भांडी बघायला बायका मुद्दाम डोकावायच्या. चिंच, मीठ आणि विटकरीची पूड, हे आमचं घराण्याचं शास्त्र होतं. शिवाय त्याच आठवड्यात मी कॉलेजच्या ग्रंथपालांकडून लष्करी गणवेशांच्या इतिहासावरचं एक जाड इंग्रजी पुस्तक मागून आणलं होतं. शब्दकोश मांडीवर घेऊन मी पहिलं प्रकरण वाचलं होतं. त्यात लाल कोटवाल्या पायदळाची हकिकत होती. ते लोक रांगेत उभे राहून लढायचे, पितळी बटणं घासूनपुसून लख्ख ठेवायचे, आणि बटण मळकं दिसलं तर शिक्षा व्हायची. हे सगळं मी रात्रीच्या जेवणाला आबांना समजावून सांगितलं. पंधरावीस वर्षं फौजेत काढलेल्या माणसाला मी भाकरी वाढता वाढता सैनिकाच्या बटणाचं महत्त्व शिकवत होते. आबा म्हणाले, "व्हय का?" आणि त्यांनी आमटी मागितली.

मेळाव्याच्या आदल्या दुपारी घरात मी एकटीच होते. सासूबाई नणंदेच्या बाळंतपणाला गेलेल्या, नवरा साखर कारखान्यावर, आणि आबा उसाच्या पाण्याला दारं धरायला गेलेले. मी कोट मांडीवर घेतला आणि कामाला लागले. एवढा हट्टी मळ मी जन्मात पाहिला नव्हता. चिंचेनं हलेना, म्हणून विटकरीची पूड लावली, जुन्या ब्रशानं घासलं, शेवटी राख आणि काथ्या घेतला. चार तास गेले, बोटांची सालटं निघाली. मळ इतका सारखा आणि नेटका कसा बसला असेल, असा विचार कुणाही शहाण्या माणसाच्या मनात आला असता. पण मी बी.ए. होते. संध्याकाळी दहाही बटणं झळकत होती आणि प्रत्येकावर उठावाचं छोटंसं बिगुल दिसत होतं. ते जणू मीच शोधून काढलं, अशा थाटात मी कोट खुंटीला लावला आणि आबांची वाट बघत बसले.

आबा आले, पाय धुतले, आणि कोटासमोर थांबले. एका बटणावरून अंगठा फिरवला.

"कितीक वेळ लागला?"

"चार तास."

"लई घासलीस," ते म्हणाले आणि पाणी प्यायला आत गेले. मला वाटलं, हे कौतुकच.

नवऱ्याला हंगामात सुट्टी मिळणं शक्य नव्हतं, म्हणून सकाळच्या एस.टी.नं आबांबरोबर मीच निघाले. साहेबांना दाखवायला ते जाड पुस्तकही पिशवीत घेतलं होतं. आमच्या घरातही वाचणारं माणूस आहे हे त्यांना कळलं तर बरं, एवढाच हेतू. वाटेत उसाच्या ट्रॉलीमागं गाडी अडकली, आणि वेळ जाईना म्हणून मी दुसरं प्रकरण उघडलं.

ते रायफल पलटणींचं होतं.

साध्या बंदुकीची गोळी कुठंही जायची, म्हणून लाल कोटवाले दाटीनं उभे राहून एकदम बार काढायचे. रायफलीच्या नळीत आतून पीळ असतो, त्यानं गोळी फिरत, लांब आणि सरळ जाते. मग दाटीनं उभं राहायची गरजच उरली नाही. रायफलवाले सुटे सुटे, झाडाझुडपाआडून लढू लागले. म्हणून त्यांचा कोट लाल नाही, गर्द हिरवा. कामं चपळाईची, म्हणून त्यांची चालही भरभर. ढोलाऐवजी बिगुलाचा इशारा. रांगच नाही, तर रांगेपुढं मिरवायचं निशाण तरी कशाला, म्हणून तेही नाही. आणि उन्हात चमकून जागा उघडी पडू नये म्हणून पट्टा काळा आणि बटणं काळी. मुद्दाम काळी केलेली. पिढ्यान् पिढ्या अभिमानानं काळी ठेवलेली.

मी हळूच शेजारी पाहिलं. खिडकीतून ऊन आत येत होतं आणि आबांच्या छातीवरून समोरच्या सीटच्या पाठीवर सहा कवडसे हलत होते.

"आबा," मी म्हणाले, "ही बटणं काळीच असतात?"

"व्हय."

"मग काल बोलला का नाही?"

"तुजी बोटं बगितली," आबा म्हणाले. "म्हनलं, ऱ्हाऊ दे."

मला रडू आलं असतं, पण त्याआधी काजळाची डबी आठवली. पर्समधून ती काढली, आणि भरल्या एस.टी.त मी सासऱ्यांच्या कोटाच्या बटणांना करंगळीनं काजळ लावायला बसले. गाडी हलली की बोट घसरायचं. कंडक्टर तिकिटं फाडता फाडता थांबला.

"काय ताई, नजर लागू नये म्हनून व्हय?"

"व्हय," आबांनीच उत्तर दिलं. "म्हातारपनी जास्त लागती."

सबंध गाडी हसली. मी मान वर केली नाही. पण ट्रॉली पुढून हलेना, त्यामुळं मला वेळ मिळाला. बारामतीअलीकडचं पिंपळी येईपर्यंत दहाही बटणं झाली, वरचं तेलकट रुमालानं टिपून घेतलं, पुस्तकातल्या चित्राशी ताडून पाहिली. मंद, काळी, अगदी हवी तशी. आबांनी मान खाली घालून पाहिलं आणि म्हणाले, "आता पलटनीचा दिसतुय." मी पुन्हा फुशारले. फुशारायला मला फार काही लागत नाही.

मेळाव्याच्या मांडवात म्हाताऱ्यांची रांग लागली होती. घरची माणसं मागं खुर्च्यांवर बसली होती, पण मी बटणांची देखरेख म्हणून आबांच्या मागंच उभी राहिले. साहेब काठी टेकत आले. पांढरेशुभ्र केस, ताठ मान. प्रत्येकासमोर थांबत, चेहरा नीट बघत, दोन शब्द बोलत. एकाला त्यांनी नावानं हाक मारली तेव्हा आबांचा श्वास अडकलेला मला मागून कळला.

मग ते आबांसमोर आले. आबा सावधानमध्ये उभे होते. त्यांना इतकं ताठ उभं राहिलेलं मी घरी कधी पाहिलं नव्हतं. साहेबांनी त्यांच्या चेहऱ्याकडं पाहिलं, चांगलं निरखून पाहिलं. कोटाकडं, बटणांकडं त्यांची नजर एकदाही उतरली नाही.

"कौन सी पलटन थी, जवान?"

आबांनी पलटणीचं नाव सांगितलं. आवाज खणखणीत होता.

"शाबाश," साहेब म्हणाले, "मेरी भी वही थी." आबांचा खांदा थोपटून ते पुढं गेले. पुढचे दोघं होऊन गेले तरी आबा सावधानमध्येच होते.

चौकीचं का सांगितलं नाही, असं मी नंतर विचारलं. "इच्यारलं न्हाई त्येंनी," आबा म्हणाले. पुस्तक पिशवीतच राहिलं.

परतीच्या गाडीत मला अगदी राहवेना. "आबा, माझ्यामुळं झालं," मी म्हणाले. खरं सांगायचं तर मला ते तसं वाटत नव्हतं. आबा म्हणतील, न्हाय पोरी, तुजा काय दोष, आणि मग दोघांनाही बरं वाटेल, असा माझा हिशेब होता. आबांनी खिडकीबाहेर बघितलं, मग कोटाकडं बघितलं. काजळ आता पुसट झालं होतं.

"व्हय," ते म्हणाले. "बटनांनी घोळ केला."

मला असा राग आला म्हणता. हाताला चिंच झोंबत असताना एस.टी.त लोकांचं हसू करून घेऊन मी ती बटणं काळी केली होती, आणि वर हे. पण घरी गेल्यावर कहर झाला. आबांनी सासूबाई परत आल्या तेव्हा त्यांना सांगितलं, शेजाऱ्यांना सांगितलं, पारावर सांगितलं की सुनेनं बटणं घासून आरसा केली, साहेबांना वाटलं हा भलत्याच पलटणीचा, नाहीतर त्यांनी मिठी मारली असती. काजळाचा पत्ताच नाही. मितभाषी माणूस, पण ही गोष्ट सांगताना रंगात यायचा. नळावर बायका मला त्यांच्या घागरी दाखवून म्हणायच्या, "एवढ्या घासून द्या की, बी.ए. बाई." महिनाभर मी दात-ओठ खाल्ले आणि एका दिवसाची वाट बघत राहिले, जेव्हा चारचौघांत सगळं खरं खरं सांगून टाकता येईल.

तो दिवस आला. आबांच्या पलटणीतले एक दोस्त, आजारपणामुळं मेळाव्याला न आलेले, भेटायला घरी आले. ओसरीवर दोघं बसले. मी चहा घेऊन बाहेर आले तेव्हा पाहुणे म्हणत होते, "मंग? सायेब काय म्हनलं? तुला तर वळखलंच असंल. त्या चौकीवर तूच हुतास संगं."

आबांनी गोष्ट सुरू केली. चिंच, विटकर, चार तास, सगळं आलं. पाहुणे हसले नाहीत. ते फौजेतलेच होते.

"निस्त्या बटनापायी?" त्यांनी विचारलं. "तोंड बगून बी न्हाय वळखलं?" आबांनी कपबशी जवळ ओढली, तेव्हा ते माझ्याकडं वळले. "तू हुतीस न्हवं तितं? काय झालं गं?"

महिनाभर घोकलेलं वाक्य माझ्या तोंडाशी होतं. आबा माझ्याकडं बघत नव्हते. ते बशीत चहा ओतत होते आणि बशी भरली तरी त्यांचा हात थांबला नव्हता. चहा मांडीवर सांडत होता. मला आयुष्यात क्वचितच काही वेळेवर कळलं आहे, ते त्या वेळी कळलं, आणि स्वतःची एवढी लाज वाटली की आजही आठवलं तर कान तापतात.

"व्हय की, तात्या," मी म्हणाले. "मीच घासली हुती. अशी चमकत हुती बघा, सायबांची नजर बटनांवरनं हललीच न्हाय. तोंडाकडं बघितलंच न्हाय त्येंनी."

"आता काय म्हनावं," तात्या म्हणाले आणि हसू लागले. आबांनी बशी खाली ठेवली, धोतरावरचा चहा झटकला आणि त्यांना सांगितलं, "बी.ए. हाय ती."