नारळाची अर्धी वाटी

मुलगा दिवसभर परिषदेत अडकणार, म्हणून त्याने मला एका सहलीला पाठवलं. कॅरिबियन समुद्रातली दोन बेटं आणि कोळ्यांचं एक गाव. बोटीत सगळी जोडपीच होती. बेटावर उतरल्यावर जो तो मोबाइल माझ्या हातात द्यायचा, "आमचा एक फोटो काढता?" मी काढत राहिले. माझा काढायला मी कुणाला सांगितलं नाही. हे गेल्यापासून फोटो दाखवायचा तरी कुणाला?

दुपारी गावात गेलो. एका पडवीत एक म्हातारी माशाच्या कालवणासाठी नारळ किसत बसली होती. मंडळी बघून पुढे गेली. मी मात्र रेंगाळले. तिने गाइडला काहीतरी विचारलं.

"तुमच्यासोबत कोण आहे, असं विचारतेय," तो म्हणाला.

एरवी मी लगेच म्हणते, मुलगा आहे ना! त्या दिवशी तोंडून निघून गेलं, "कुणी नाही."

त्याने ते तिला सांगितलं. तिने हळहळ दाखवली नाही. शेजारचं स्टूल पुढे सरकवलं, एक किसणी आणि नारळाची अर्धी वाटी माझ्या हातात दिली. आम्ही दोघी किसत बसलो. एकटेपण कुणाला वाटून देता येत नाही. पण त्याच्या शेजारी कुणी बसलं, तर हात चालू लागतात.

बोटीचा भोंगा वाजला. माणसं लगबगीने निघाली. मी वाटी पुरती किसून झाल्यावरच उठले.

बोट माझ्यासाठी थांबली होती.