हातात दिलेलं वर्तमान

सुगंधाला सासरी येऊन पंधरा दिवस झाले नसतील. माहेरचा भाऊ भेटायला आला, पडवीत टेकला, आणि पाण्याचा तांब्या पुढे सरकवायच्या आधीच सासऱ्यांनी त्याला विचारलं, "काय वर्तमान?" भावाने सांगितलं. गाय व्याली, आजी अंथरुणाला खिळली, नव्या विहिरीला पाणी लागलं. तिच्या माहेरीही वर्तमान म्हणजे हेच. माणूस उन्हातून चालत येतो, आणि त्याच्या तोंडून घरोघरची जी खुशाली कळते ती.

दुसऱ्या दिवशी सकाळी सासऱ्यांनी पुन्हा विचारलं, "वर्तमान इला काय रे?" या वेळी कोणी पाहुणा नव्हता. आतून थोरले दीर घडी घातलेला कागद घेऊन बाहेर आले. सुगंधा दारामागे उभी होती. या घरात कागदालाही वर्तमान म्हणतात, हे तिला तेव्हा कळलं आणि तिला हसू आलं. कागद काय चालत येतो?

थोरल्या दिरांना सगळा गाव भाई म्हणतो. मालवणच्या कचेरीत नोकरी, वाचणं शुद्ध, कपाळाला रोज गंध. सोवळं-ओवळं पाळावं ते त्यांनीच. गावच्या देवळात रवळनाथाची पूजा आटोपली की ते सभामंडपाच्या पायरीवर बसत आणि गावाला पेपर वाचून दाखवत. पुरुष खांबांना टेकून ऐकत, बायका खालच्या अंगाला तांदूळ निवडत. सुगंधाही सुपात डोकं घालून बसे, पण कान वर. एकदा कोणीतरी भाईंना विचारलं, ह्याका वर्तमानपत्र कित्याक म्हणतत? भाई खुशीत आले. म्हणाले, पूर्वी लोक पत्रात शेवटी लिहीत, इकडील वर्तमान असे असे. एकाचं वर्तमान एकालाच कळे. मग छापखाने आले आणि एकाच पत्रातून सगळ्यांना सगळ्यांचं वर्तमान कळू लागलं. "म्हणून ह्या वाचताना खोटा बोलूक जमणा नाय," भाई म्हणाले. "देवाच्या दारात बसान वाचतंय."

सुगंधाला ते इतकं आवडलं की घरी येऊन तिने नवऱ्याला, बाबलीला सांगितलं, "माका वाचूक शिकवा." बाबली स्वतः चौथीत शाळा सोडलेला. तो म्हणाला, भाईक विचार. तिने विचारलं. भाई हसले.

"तुका गो कित्याक व्हया? मी वाचतंय मा रोज? ऐकूक येता मा तुका?"

ऐकू तर येत होतं. तो विषय तिथेच संपला.

बाबली गेला त्या वर्षी त्यांची मुलगी संचिता चौथीत होती. भातलावणी चालू असताना ताप आला, कावीळ झाल्यासारखे डोळे पिवळे झाले, आणि लेप्टो आहे हे डॉक्टरांनी सांगेपर्यंत उशीर झाला होता. मागे राहिली ती घरामागच्या भरडावरची, कातळाच्या माळावरची काजूची बाग. ती बाबलीने एकट्याने लावली होती. कातळ फोडून खड्डे केले, डोक्यावरून माती नेली, आणि पहिले तीन उन्हाळे कावडीने पाणी घातलं. झाडं बेचाळीस. सुगंधाने त्यांना नावं दिली होती, जशी लोक गुरांना देतात. एक वाकडी, एक सगळ्यांच्या आधी पिकणारी आगोतरी, एक होती तिचं नाव सासू, कारण फळ भरपूर पण चीक हात भाजेल असा.

सातबाऱ्यावर मात्र भाईंचं एकट्याचं नाव. सासरे गेले तेव्हा एकत्र कुटुंबाचे मॅनेजर म्हणून ते लागलं होतं. बाबली गेल्यावर वारसनोंद करायची ती राहिली. सुगंधाने दोनदा आठवण केली. भाई म्हणाले, "मी काय मेलंय? घरातल्या घरात कसली गो नोंद?" तिला स्वतःचीच लाज वाटली.

दिवस गेले. वर्तमान हा शब्द सासऱ्यांबरोबरच गेला. सगळे पेपर म्हणू लागले. मग पोरांच्या हातात मोबाईल आले, देवळाच्या पायरीवर ऐकायला चार म्हातारे आणि पाचसहा बायका उरल्या, आणि पेपरालाही लोक रद्दी म्हणू लागले, तो दारात पडायच्या आधीच. सुगंधाचं पोट मात्र त्या रद्दीवर चालू झालं. प्लास्टिकच्या पिशव्या बंद झाल्या आणि मालवणच्या दुकानदारांना कागदी पिशव्या हव्या झाल्या, खाजं भरायला, काजूगर भरायला. तिने मैद्याची खळ शिजवली, पाटावर कागद पसरला, आणि दोन महिन्यांत तिचा हात असा बसला की बघणाऱ्याला घडी दिसू नये. भाई महिन्याचा गठ्ठा तिला फुकट देत. दर वेळी माणसाबरोबर पाठवत आणि माणूस तो पडवीत टाकून जाई.

पाटावर बसली की ती चित्रं बघायची. अक्षरं काळ्या मुंग्यांसारखी सरळ रांगेत जायची आणि खळीच्या बोटाखाली गप्प व्हायची.

तीन वर्षांमागच्या पितृपक्षातली गोष्ट. बाबलीची तिथी होती. पाच भाज्या, वडे, काळ्या वाटाण्याची आमटी, खीर असा सगळा स्वयंपाक सुगंधाने ओलेत्याने केला. भाई पानावर बसायला आले ते हातात गठ्ठा घेऊन. स्वतः घेऊन. सुगंधा म्हणाली, "थंय पडवीत ठेवा, माझे हात खरकटे आसत."

"धुवून ये," भाई म्हणाले. "हातात घे."

तिने हात धुतले, पदराला पुसले आणि गठ्ठा दोन्ही हातांनी घेतला. भाईंनी विचारलं, "मिळालो मा तुका?" ती म्हणाली, "मिळालो." मग ते पाटावर बसले, चित्राहुती घातल्या आणि खीर दोनदा मागून घेतली.

त्या दिवशी सकाळी देवळात भाईंनी पेपर वाचला होता तो सहाव्या पानापर्यंत. सातवं पान त्यांनी घडी घालून मांडीखाली ठेवलं. हे बायकांनी बघितलं होतं, पण पान दुमडलं म्हणून कोण कशाला विचारील?

पौषात काजूला मोहर आला आणि बागेत टेप घेऊन माणसं आली. सुगंधा कोयती घेऊन धावली. त्यातला एक जण सभ्य होता. म्हणाला, "आजी, जमीन पुण्याच्या पार्टीनं घेतली. खरेदीखत झालं. नोटीस दिली होती ना पेपरात, कुणाची हरकत असेल तर पंधरा दिवसांत कळवा म्हणून. कुणी आलं नाही."

"माका कोणी सांगूक नाय."

"पेपरात होतं, आजी."

शिरोड्याला सासरी असलेली संचिता आली. मायलेकी तालुक्याला गेल्या. कचेरीतल्या कारकुनाने कागद बघितले आणि मान न वर करता सांगितलं, "वर्तमानपत्रात प्रसिद्ध झालं म्हणजे तुम्हाला कळलं, असंच धरलं जातं." सुगंधाने तो शब्द कितीतरी वर्षांनी ऐकला. सासरे गेल्यापासून तो तिच्या कानावर पडला नव्हता. पूर्वी घरच्या पडवीत त्या शब्दाबरोबर गाय आणि विहीर यायची.

संचिताने गाठलेल्या वकीलबाई भल्या होत्या. त्यांनी नोटिशीचं कात्रण दाखवलं. तारीख वाचून सांगितली. सुगंधाने बोटांवर तिथी मोजली आणि पुन्हा मोजली; ती बाबलीचीच होती. वकीलबाई म्हणाल्या, "वारसाचा हक्क असा नोटिशीनं जात नाही. दावा लावू. वर्षं जातील, पण लावू. तुम्हाला अक्षरओळख नाही आणि दिरांनी कळवलं नाही, यावर आपण उभं राहायचं."

ही गोष्ट गावात पोचली. भाईंनी कोर्टाची वाट बघितलीच नाही. त्यांनी देवळाच्या मानकऱ्यांना सांगितलं, घरची भानगड कोर्टात कशाला, देवासमोर होऊ दे. मी शपथेवर सांगतो, तिने शपथेवर सांगावं. देव देईल तो निवाडा मला मान्य. गावाने मान डोलावली. असा धर्माचा माणूस आता मिळत नाही, असंही काहींनी म्हटलं.

सोमवारी देवळात जायचं ठरलं. वाटेत संचिता आईचा हात धरून चालत होती.

"आये, एकच शब्द. मानकरी गणपतदादा इचारतले, भाईनी पेपर तुका दिल्यान काय? तू म्हण, नाय. बस्स."

"दिल्यान पण."

"रद्दी दिल्यान! नोटीस दिल्यान काय? तू वाचलंस काय ती?"

"नाय वाचूक."

"मगे? नाय म्हटलंस तर खोटा कसा? बाबांची झाडा आसत ती, आये. बाबांची. ती गेली तर थंय कोणी तुका पाय ठेवूक देवचो नाय."

सुगंधा चालत राहिली. तिला कळत होतं की पोरगी खरं बोलते. बाग गेली तर तिच्याकडे बाबलीचं म्हणावं असं काही उरत नव्हतं. फोटोसुद्धा धड नव्हता, एकच होता तो रेशनकार्डाच्या वेळचा. देवळाची पायरी चढेपर्यंत तिने मनात दहा वेळा "नाय" म्हणून बघितलं. जीभ वळत होती.

देवळात माणूस मावत नव्हता. एरवी पालखीलाही एवढे येत नाहीत. गणपत मानकरी देवाला गाऱ्हाणं घालून मागे फिरला आणि भाईंना म्हणाला, "सांगा."

भाईंनी उजवा हात पुढे केला. आवाज पेपर वाचताना असायचा तोच, स्वच्छ. "मी रवळनाथासमोर सांगतंय. ज्या दिवशी नोटीस छापान इली, त्याच दिवशी मी तो पेपर सगळ्या पानांसकट माझ्या हातान सुगंधाच्या हातात दिलंय. जमनीर नाय ठेवूक. दुसऱ्याबरोबर नाय पाठवूक. मिळालो काय म्हणान इचारलंय. ती मिळालो म्हणाली. ह्येच्यात अक्षर खोटा असात तर माझा वाटोळा होवंदे."

तेव्हा सुगंधाला ते "हात धुवून ये" आठवलं. म्हणजे माणसाने देवाला भिऊन सगळं केलं होतं. त्याला चोरी करायची होती, पण खोटं बोलायचं नव्हतं. त्यासाठी तो बाबलीच्या पानावर बसून दोनदा खीर जेवला होता.

गणपत तिच्याकडे वळला. "सुगंधावैनी, भाई सांगतत ता खरा? तुझ्या हातात दिल्यानी?"

देवासमोरची समई नीट जळत होती. संचिताने मागून आईच्या कमरेला बोट लावलं.

"दिल्यानी," सुगंधा म्हणाली.

"आये!"

"दिल्यानी," ती पुन्हा म्हणाली, "पण रद्दी म्हणान. माझ्या पिशव्यांका. माका वाचूक येणा नाय, ह्या सगळ्या गावाक ठावक आसा. भाईंका सगळ्यांच्या आधी."

कोणीतरी मागून म्हणालं, "रोज हाताखालसून शंभर पेपर जातत आणि अजून अक्षर येणा नाय? मगे डोळे देवान कित्याक दिल्यान?" दोघंतिघं हसले. एक बाई म्हणाली, "आमका सांगलं असतंस तर आमी वाचून दाखयला असता." ती बाई त्या सकाळी पायरीवरच होती. सातवं पान मांडीखाली गेलेलं तिने बघितलं होतं. सुगंधाने तिच्याकडे पाहिलं, तर ती आपल्या बांगड्या मोजत होती.

गणपतने हात वर करून हसणं थांबवलं. मग म्हणाला, "वैनी, रद्दी म्हण नायतर वर्तमान म्हण, कागद तोच मा? आणि तो तुका पोचलो. तूच सांगतंस. मगे देवाक कौल तरी कसलो लावूचो?"

कौल लावलाच नाही. नारळ फुटला, भाईंनी खोबऱ्याचा तुकडा स्वतः उचलून सुगंधाच्या हातावर ठेवला. तिने तो खाल्ला, कारण प्रसाद टाकता येत नाही.

तिचं म्हणणं मानकऱ्यांच्या वहीत लिहिलं गेलं, अंगठा घेतला गेला, आणि त्याची नक्कल भाईंच्या वकिलाकडे गेली. त्याने ती पुढे केली तेव्हा वकीलबाईंनी वाचून चष्मा काढला. "आजी, खोटं बोला असं मी तुम्हाला कधी सांगितलं नसतं," त्या म्हणाल्या, "पण तिथे जाऊ नका एवढं तरी सांगायला हवं होतं." दावा लागला तो नावाला. संचिता त्या दिवशी शिरोड्याला गेली ती सहा महिने फिरकली नाही. जाताना बोलली ते वाडीतल्या सगळ्यांनी ऐकलं. "तुका देव व्हयो होतो मा? मगे देवाकडेच जेव."

फाल्गुनात काजू पिकला. पुण्याच्या मालकाने तारेचं कुंपण घातलं, लोखंडी फाटक बसवलं, राखणदार ठेवला. राखणदार घाटावरचा, त्याला बी कधी वेचायची आणि बोंड कधी गळतं हेही ठाऊक नव्हतं. म्हणून भाई एका सकाळी सुगंधाच्या पडवीत येऊन उभे राहिले.

"त्यांका माणूस व्हया वेचूक. मी तुझा नाव सांगलंय. तुझ्याशिवाय त्या झाडांची म्हायती कोणाक आसा?"

सुगंधा खळ ढवळत होती. तिने विचारलं, "आणि माका कोण ठेवतला?"

"मी सांगल्यावर ठेवतले. आपल्या माणसाचा पोट बघूक नको?"

ती गेली. न जाऊन काय करणार होती? आगोतरीखाली आधी गेली, मग वाकडीखाली. सासूचा चीक याही वर्षी हाताला लागला आणि कातडं सोललं. गावात भाई सांगत सुटले की सुगंधाला काम त्यांनीच मिळवून दिलं, आणि लोक म्हणाले, बघा, मनात काही ठेवलं नाही माणसाने.

संध्याकाळी फाटकाशी राखणदार उभा असतो. बी चोरीला जाते असं मालकाने त्याला सांगून ठेवलंय, म्हणून तो येणाऱ्या-जाणाऱ्या बायकांना पदर झाडून दाखवायला लावतो. पहिल्या दिवशी त्याला सांगावं लागलं. आता सुगंधा फाटकाशी आली की टोपली खाली ठेवते, ओच्याची गाठ आपणच सोडते आणि दोन्ही हातांनी लुगडं झटकून उभी राहते, तो "जा" म्हणेपर्यंत.