पेसामिनोंची पाठ

सामोआच्या राजधानीपासून, आपियापासून, तासाभरावरच्या एका गावाचे प्रमुख पेसामिनो दर शुक्रवारी संध्याकाळी टीव्हीसमोर मांडी ठोकून बसत, आणि कार्यक्रम संपला की म्हणत, "वात्रट मेले!"

इतक्या वर्षांत त्या विनोदी कार्यक्रमाने सामोआत कुणाला सोडलं नव्हतं. मंत्री झाले, पोलीसप्रमुख झाले. शेजारच्या गावच्या प्रमुखाची, वाएलुआची, तर तीनदा नक्कल झाली, तेव्हापासून तो लग्नामयतीत छाती काढून फिरे. पेसामिनोंना मात्र कुणी साधा चिमटाही काढला नव्हता.

"मी संधीच देत नाही ना!" ते सांगत. बायको फुआतिनो पंख्याआड हसे.

मग जाहीर झालं, पुढचा भाग शेवटचा. पेसामिनोंची झोपच उडाली. इस्त्रीची लावालावा लुंगी नेसून, बस पकडून त्यांनी स्टुडिओ गाठला. मुख्य नकलाकार सिलाओ तोंडाला रंग लावत होता.

"तंबी द्यायला आलोय," पेसामिनो गरजले. "माझी नक्कल केलीत तर याद राखा!"

"काका, आपण कोण?"

हे फार लागलं. पण आता माघार कसली! "मी प्रार्थनेचा शंख फुंकतो आणि प्रार्थनेत स्वतःच घोरतो, ते दाखवायचं नाही. मोकाट डुकरांना दंड लावतो आणि माझंच डुक्कर पाद्रीबाबांच्या बागेत सापडतं, तेही नाही. सभेत बायको मागून शब्द पुरवते, ते तर मुळीच नाही!"

सिलाओने कोकोचा पेला पुढे सरकवला. "आणखी काय काय दाखवायचं नाही, काका?"

शुक्रवारी पेसामिनोंच्या घरी अख्खा गाव दाटला. भाग संपत आला आणि पडद्यावर एका गावप्रमुखाची रुंद पाठ दिसली. पाठीमागे केसांचा टोप घालून, पंखा हलवत सिलाओ. बाई कुजबुजे, प्रमुख तेच सभेला मोठ्यांदा ऐकवी. शेवटी ती वैतागून म्हणाली, "पुरे, आता बसा!"

"पुरे, आता बसा!" प्रमुख गरजला. सगळी सभा खाली बसली, तो एकटा उभा.

गाव लोळून हसला. फुआतिनोच्या डोळ्यांतून पाणी वाहायला लागलं. "अहो, नक्कल माझी झाली! तुमची नुसती पाठ!"

पेसामिनो क्षणभर घुश्शात होते. मग हळूच म्हणाले, "रुबाबदार होती पण, नाही?"

रविवारी चर्चबाहेर बायकांनी फुआतिनोला गराडा घातला. आपियाहून आलेल्या एका पाहुण्याकडे पेसामिनो वळले, नमस्कार केला, आणि लगेच पाठ फिरवून विचारलं, "ओळखलंत का?"