पत्त्यावर कोणी राहत नाही

लिफ्टवाल्याच्या पायाला भिंगरी लागली होती. जन्माची नव्हे, गेल्या चार महिन्यांची. त्याआधीची अकरा वर्षं हा माणूस काम संपलं की नाकासमोर घरी जायचा, कारण आई अंथरुणाला खिळलेली होती आणि तिच्यापाशी दिवसभर बसणाऱ्या बाई सहाच्या ठोक्याला निघायच्या. मग आई गेली. जुनं घर मालकाला परत हवं होतं, तेही गेलं. चोपन्नाव्या वर्षी तो शहराच्या दुसऱ्या टोकाला, तिसऱ्या मजल्यावरच्या दोन खोल्यांत येऊन पडला. खरं तर त्याचं सामान येऊन पडलं. तो स्वतः तिथे टेकलाच नाही.

पहाटे उठून तो बाहेर पडायचा. आंघोळ कंपनीच्या वर्कशॉपमध्ये, जेवण ज्या इमारतीत लिफ्ट बंद पडली असेल तिथल्या कॅन्टीनमध्ये. सुट्टीच्या दिवशी दुसऱ्या मेकॅनिकच्या तक्रारीही हाच अंगावर घ्यायचा. मंडळी म्हणायची, काय कामसू माणूस आहे. कामसू कसला! रिकाम्या खोलीत पाच मिनिटं बसलं की तो किल्ल्या शोधू लागायचा. संध्याकाळी काम संपलं तरी व्हॅन घेऊन तो उगाच या रस्त्याने त्या रस्त्याने फिरत राहायचा, आणि डोळे मिटायला लागले की मुकाट्याने घरी येऊन आडवा व्हायचा. खोकी जशी आली तशी बांधलेलीच होती.

अशा माणसाला कागदपत्रांची आठवण कुठून असणार? ती झाली तेव्हा लायसन्सची मुदत संपायला महिना उरला होता. लायसन्सवर जुना पत्ता, व्हॅनच्या नोंदणीपुस्तकावरही जुनाच. आरटीओ ऑफिसात सांगितलं, आधी दोन्हीवरचा पत्ता बदला, मग मुदत वाढेल. आणि लायसन्स नसेल तर व्हॅन उभी, व्हॅन उभी तर काम बंद, कारण कंपनीला स्वतःची गाडी असलेलाच मेकॅनिक लागायचा. म्हणून काही हा उपाशी मरणार नव्हता, गाठीला थोडंफार होतं. पण त्याला घरी बसावं लागलं असतं.

त्याने खेटे घातले. पहिल्या खेपेला घराचा करारनामा नव्हता, दुसऱ्या खेपेला फोटो जुना निघाला, तिसऱ्या खेपेला खिडकीतल्या कारकुनाला नाव ठेवायला जागा उरली नाही आणि अर्ज आत गेला. रीत अशी होती, की नवीन कागद पोस्टाने घरी येणार, अर्जदार खरंच तिथे राहतो याची पोस्टमन खात्री करणार आणि मगच पाकीट हातात देणार. तोवर खिशात एक तात्पुरती चिठ्ठी, महिनाअखेरपर्यंतची. लिफ्टवाल्याचा जीव भांड्यात पडला. पोस्टमन येणार म्हणजे घरी कोणीतरी असायला हवं, हे काही त्याच्या डोक्यात आलं नाही. अकरा वर्षं त्याच्या घरी कायम कोणीतरी होतं.

महिनाअखेरीला आठ दिवस उरले, तरी पाकिटाचा पत्ता नाही म्हणून तो पुन्हा खिडकीशी गेला. कारकुनाने ड्रॉवरमधून पाकीट काढलं आणि नुसतं उलटं करून दाखवलं. मागे लाल शाईत लिहिलं होतं: पत्त्यावर कोणी राहत नाही. समोरच्या घरी चौकशी केली.

कारकून म्हणाला, लिफ्टवाले, तुम्ही तर दोन मजल्यांच्या मध्येच अडकलात की. हा विनोद लिफ्टवाल्याने आयुष्यात हजारदा ऐकला होता आणि एकदाही त्याला हसू आलं नव्हतं. मग कारकुनाने एक फॉर्म पुढे सरकवला. शेजाऱ्याने लिहून द्यायचं, की अर्जदार इथेच राहतो. कधीपासून राहतो आणि हे तुम्हाला कसं माहीत, असे दोन रकाने, खाली सही. फॉर्म पुढच्या शनिवारपर्यंत आला तर पाकीट खिडकीतूनच मिळेल, नाहीतर सगळं पहिल्यापासून.

रागाने फणफणत तो व्हॅनमधून थेट घरी आला. दिवसाउजेडी तो जिना त्याने पहिल्यांदाच पाहिला. समोरच्या घरात सत्तरीच्या एक काकू राहत होत्या. कोर्टात एकतीस वर्षं टायपिस्ट होत्या, साक्षीदार जे बोलेल ते जसंच्या तसं टाइप करायचं, हेच काम. म्हणून इमारतीत सगळे त्यांना कोर्टकाकू म्हणत. त्यांनी त्याचं सगळं ऐकून घेतलं आणि शांतपणे सांगितलं, की पोस्टमनने विचारलं तेव्हा जे माहीत होतं तेच त्यांनी सांगितलं. चार महिन्यांत समोरच्या घरातून त्यांनी भांड्याचा, नळाचा, दाराचा कसलाच आवाज ऐकला नव्हता.

आता यात काकूंची चूक नव्हती, हे सांगायलाच हवं. लिफ्टवाला स्वतः लिफ्ट कधी वापरायचा नाही, जिन्यानेच चढायचा. बुटांना मऊ रबराचे तळवे, तेलकट शाफ्टमध्ये घसरू नये म्हणून. आणि दाराचा खटका तर तो असा लावायचा, की खटक्यालासुद्धा कळू नये. अंगठ्याने दाबून धरायचा, दार लावायचं, मग अंगठा हळूहळू सोडायचा. ही कला त्याने अकरा वर्षांत कमावली होती.

"म्हणजे चोरासारखे येता तुम्ही," काकू म्हणाल्या.

"आईची झोप मोडायची," तो म्हणाला.

काकूंनी त्याच्याकडे पाहिलं. पण सही केली नाही. म्हणाल्या, "तुम्ही राहा. मग मी लिहून देते."

त्याच्या अंगाचा तिळपापड झाला. भाडं भरतो, करारनामा आहे, किल्ली खिशात आहे, आणखी काय राहायचं असतं? तो खालच्या मजल्यावर गेला. तिथल्या गृहस्थांनी त्याला लगेच ओळखलं. बरं झालं आलात, म्हणाले, लिफ्टचं दार दोनदा आपटल्याशिवाय लागत नाही, किती दिवस सांगतोय. कंपनीचा निळा शर्ट घातलेला माणूस वेळी-अवेळी जिन्यावर दिसायचा, तो इमारतीची लिफ्ट बघायला येतो, अशीच त्यांची समजूत होती. वरच्या मजल्यावरही हीच कथा. चार महिने येऊनजाऊन आहात, पण लिफ्ट काही सुधारत नाही, असंही ऐकवलं त्यांनी.

तेव्हा नाइलाजाने हा माणूस आपल्याच घरात राहायला बसला. रविवारी सकाळी त्याने खोक्यांच्या मधोमध खुर्ची मांडली. बसला. उठला, खिडकी उघडली, बसला. भिंतीपलीकडून लिफ्ट जात होती आणि प्रत्येक वेळी तिसऱ्या मजल्यावरच्या दाराच्या कुलपातला विजेचा संपर्क नीट लागत नसल्याचा खडखडाट येत होता. तेवढं कारण पुरलं. पाना घेऊन तो बाहेर पडला, दार सरळ केलं, संपर्काची पट्टी घासून बसवली, मनाला बरं वाटलं. परत येऊन घड्याळ पाहिलं तर पंचवीस मिनिटं गेली होती. दुपारी बाराच्या आत तो व्हॅनमध्ये होता. सोमवारी रजा टाकली आणि अकरालाच पळाला. स्वतःच्या घरातून पळणाऱ्या माणसाला काय म्हणावं, ते त्यालाही सुचत नव्हतं. नुसती चीड येत होती, काकूंची, ऑफिसची, आणि सगळ्यात जास्त स्वतःची.

मंगळवारी त्याने ठरवलं, बसता येत नाही ना, मग हात तरी चालवू. एकेक खोकं सोडायला घेतलं. कपडे निघाले, अवजारं निघाली, पांघरुणं निघाली. मग त्याने एक जड खोकं उराशी धरून उचललं, आणि दोन पावलं टाकतो न टाकतो तोच त्याचा तळ उसवला. आईची सगळी भांडी फरशीवर आली. पातेली, झाकणं, डाव, ताटं, वाट्या. एक वाटी तर गोल गोल फिरत, नाद करत, भिंतीशी जाऊन थांबली.

लिफ्टवाला जागच्या जागी थिजला. श्वास रोखून, मान खाली घालून, खांदे आवळून उभा राहिला. आतल्या खोलीतून आता हाक येणार होती. काय पडलं रे, अशी. झोपेतून दचकलेली, थोडी रागावलेली. अकरा वर्षांत चमचा पडला तरी आली होती.

ती आली नाही. आतल्या खोलीत एक गुंडाळलेली गादी होती. तो तरीही वाट पाहत उभा राहिला. किती वेळ, ते त्याला सांगता आलं नसतं.

मग दारावर थाप पडली.

"काय पडलं हो?" बाहेरून काकूंनी विचारलं.

त्याने दार उघडलं. तो तिथेच भांड्यांमध्ये खाली बसला आणि मोठ्याने रडला. आई गेली त्या दिवशी माणसं होती, धावपळ होती, कागद होते; त्या दिवशी राहून गेलं होतं ते सगळं आता बाहेर आलं. काकूंनी समजूत घातली नाही, की पाठीवर हात फिरवला नाही. त्यांनी भांडी गोळा केली, विसळली, त्यातल्याच एका पातेल्यात चहा ठेवला आणि दोन कप घेऊन त्याच्यासमोर फरशीवर बसल्या. तो शांत झाला तेव्हा म्हणाल्या, पातेल्याला पोचा आला आहे, पण चालेल.

त्या दिवशी तो कुठेच गेला नाही. बुधवारी कामावर गेला, पण जेवायला घरी आला. चैन पडत होतं असं नाही. जेवताना दोनदा उठून तो खिडकीशी गेलाच. पण किल्ल्यांना हात लावला नाही.

शुक्रवारी काकूंनी स्वतःहून फॉर्म मागून घेतला आणि सरळ, टपोऱ्या अक्षरांत भरून दिला. लिफ्टवाल्याने वाचला आणि त्याच्या तोंडचं पाणी पळालं. कधीपासून राहतात? मंगळवार, सकाळी दहा वाजून वीस मिनिटांपासून. कसं माहीत? भांडी पडल्याचा आवाज स्वतः ऐकला. अर्जदार घरात प्रत्यक्ष आढळले.

तो हातापाया पडला. करारनामा चार महिन्यांपूर्वीचा आहे, ऑफिसवाले तारखेवर बोट ठेवतील, अर्ज पुन्हा परत येईल, चार महिने लिहा ना काकू. काकूंनी पेनाला टोपण लावलं. जे ऐकलं तेच लिहिलं आहे, म्हणाल्या.

शनिवारी तो खिडकीशी उभा राहिला, तेव्हा त्याच्या मागे मोठी रांग होती आणि खिशातली चिठ्ठी त्याच दिवशी संपत होती. येताना रस्ताभर त्याने उत्तरं जुळवून ठेवली होती. कंपनीच्या खोलीवर होतो म्हणावं, मित्राकडे म्हणावं, घराला रंग चालू होता म्हणावं. कारकुनाने फॉर्म एकदा वाचला, दुसऱ्यांदा वाचला, करारनामा शेजारी ठेवला आणि दोन्ही तारखांवर दोन बोटं ठेवली.

"घर घेतलं चार महिन्यांपूर्वी, राहायला मंगळवारपासून," तो म्हणाला. "मग मधले चार महिने कुठे राहत होतात?"

जुळवलेल्या उत्तरांतलं एकही लिफ्टवाल्याला आठवेना.

"आईकडे," तो म्हणाला.

"त्या कुठे असतात?"

"गेली ती. चार महिने झाले."

मागच्या रांगेत कोणीतरी खाकरलं. कारकुनाने पेन उचललं, फॉर्मच्या कडेला मोकळ्या जागेत लिहिलं, यापूर्वी आईकडे, आणि त्याच्यावर शिक्का मारला. मग लाल शाईचं पाकीट खिडकीतून बाहेर सरकवलं.

"झालं तुमचं काम," तो म्हणाला. "जा आता घरी."