लेकीचं पहिलं पिस्तूल

माझी मुलगी वाळवंटात एकटी फिरून पक्ष्यांची गणना करते. या कामाचा पगार मिळतो, हे नागपूरच्या नातेवाइकांना अजूनही खरं वाटत नाही. गेल्या मार्चमध्ये भर दुपारी एका कच्च्या रस्त्यावर कुणीतरी तासभर तिच्या गाडीच्या मागे मागे ट्रक आणला. ती थांबली की तोही थांबायचा. फोनला सिग्नल नव्हता. डांबरी रस्ता लागल्यावर तो वळून निघून गेला. झालं काहीच नाही, पण आठवड्याभरानं जेवताना ती म्हणाली, "बाबा, आय अ‍ॅम बायिंग अ हँडगन. येशील माझ्याबरोबर?"

बायकोचा वाढता हात थांबला. "त्यापेक्षा नोकरी बदल," एवढंच ती बोलली.

अमेरिकेत, चँडलरमध्ये येऊन मला वीस वर्षं झाली. तरी किराणा दुकानात पुढच्या माणसाच्या कमरेला पिस्तूल दिसलं, की मी मुकाट्यानं दुसरी रांग धरतो. पण ती जाणारच होती. मी हो म्हणालो.

शूटिंग रेंज म्हणजे दाताचा दवाखाना आणि डोनटचं दुकान यांच्या मधलं एक बिनखिडक्यांचं दार होतं. शिकवणाऱ्या बाई सत्तरीच्या, पांढऱ्या वेणीच्या. आधी शाळेत गणित शिकवायच्या. त्यांनी सुरुवातीलाच बजावलं, "आज विकत काही घ्यायचं नाही. भाड्यानं चार-पाच चालवून बघ."

मुलीनं इंटरनेटवर बघून तळहातात मावेल एवढं छोटं पिस्तूल मनात पक्कं केलं होतं. बाई हसल्या. "सगळे इथूनच सुरुवात करतात. नेम धरेपर्यंत बोट ट्रिगरवर न्यायचं नाही, एवढं लक्षात ठेव."

पहिल्याच गोळीला तिचं मनगट उसळलं. तिसऱ्या गोळीला तर तिचे डोळे आधीच मिटले. कागदावर एकही भोक नव्हतं आणि अंगठ्याजवळची कातडी लाल झाली होती.

"लहान म्हणजे सोपं असं वाटतं ना?" बाई म्हणाल्या. "हलकं पिस्तूल सगळा धक्का तुझ्या हातालाच देतं."

मग रिव्हॉल्व्हर झालं. त्याचा ट्रिगर इतका घट्ट होता, की तिला तो धड ओढताच येईना. तिसरंही जमलं नाही. चौथं पिस्तूल मध्यम आकाराचं, चांगलंच जड होतं. त्याची मूठ तिच्या हातात नीट बसली, गोळी भरण्यासाठी वरची स्लाइड तिला स्वतःला मागे ओढता आली, आणि पाचांतल्या चार गोळ्या कागदावर लागल्या. ती वळून माझ्याकडे बघून हसली. कानावरच्या जाड हेडफोनमुळे मला काही ऐकू आलं नाही, पण मीही हसलो.

बाहेर काउंटरवर बाईंनी विचारलं, "हे ठेवणार कुठे? घरी आणखी कोण असतं?"

"मॉम अँड डॅड."

"लहान मुलं?"

"नो."

"गेल्या काही वर्षांत घरात कुणी फार खचलं होतं का? जगणं नको वाटावं इतकं?"

मुलगी काउंटरच्या काचेकडे बघत राहिली. तेव्हा मला कळलं की तिला सगळं ठाऊक आहे. दोन वर्षांपूर्वी कॉम्प्युटर चिप बनवणाऱ्या कंपनीनं मला काढलं होतं. त्यानंतर कितीतरी महिने मी गॅरेजमध्ये बंद गाडीत तासन् तास बसून असायचो. नंतर डॉक्टरांची औषधं सुरू झाली, दुसरी नोकरी लागली. मुलीला आम्ही फक्त 'बाबा थकलाय' असं सांगितलं होतं. त्याच सुमारास, भाडं परवडत नाही म्हणत, ती स्वतःची खोली सोडून आमच्याकडे राहायला आली होती.

"मी," मी म्हणालो. "मी खचलो होतो."

बाईंच्या चेहऱ्यावर ना दया होती ना धक्का. "सांगितलंत, बरं केलंत," त्या म्हणाल्या. "मग हे घरी नको. इथे लॉकर मिळतो. कामाच्या दिवशी सकाळी न्यायचं, परत येताना ठेवायचं."

"फरगेट इट," मुलगी म्हणाली. "मला नकोच ते."

"घे," मी म्हणालो. "तिथे तू एकटी असतेस. फक्त लॉकरचा कोड मला कधी सांगू नकोस."

गाडीत बसल्यावर तिनं एसी लावला, पण गाडी हलवली नाही.

"बाबा, तेव्हा किती वाईट होतं?"

मी सांगितलं. बायकोला सांगितलं नव्हतं तेही सांगितलं. एरवी दर वाक्याला इंग्रजीत शिरणारी माझी मुलगी सावकाश, शब्द शोधत मराठीत म्हणाली, "मला माहीत होतं. भाडं परवडत नाही म्हणून नाही आले मी परत घरी."

तिचा हात अजून लाल होता. मी तो हातात घेतला, तर तिनं सोडवला नाही.

पुढचे चार शनिवार आम्ही दोघं तिथे जात राहिलो. पाचव्या शनिवारी तिनं ते जड पिस्तूल विकत घेतलं आणि लॉकरवर कोड टाकत असताना मला डोनट आणायला पाठवलं.