ठिपकेमामांचा शेवटचा हत्ती

ब्रेल छापखान्यात एकतीस वर्षं काढलेल्या माणसाला लोक दुसरं काय म्हणणार? ठिपकेमामा. खरं नाव पगाराच्या कागदावर होतं आणि तिथेच सुखाने नांदत होतं. मामांना जन्मापासून दिसत नव्हतं, पण चुकलेलं अक्षर त्यांच्या बोटांच्या तावडीतून सुटल्याचं कुणी ऐकलं नव्हतं. साहेबांकडून रजेचा अर्ज परत आला की मामा आधी तो उलटा करायचे आणि मागून बोट फिरवायचे. साहेब बॉलपेन इतकं दाबून सही करायचे की कागदाच्या पाठीवर वळ उठायचा, शेवटी एक लांबलचक शेपटी. शेपटी लागली की रजा मंजूर!

नव्या पुस्तकाचं कच्चं पान आधी मामांच्या टेबलावर यायचं. समोर ताई बसायच्या. ताई डोळस, त्यांच्या हातात छापील मूळ प्रत. त्या मोठ्याने वाचायच्या, विरामचिन्हांसकट, आणि मामांची बोटं ठिपक्यांवरून मागोमाग चालायची. "राजा म्हणाला स्वल्पविराम अवतरण सुरू मला झोप येत नाही पूर्णविराम अवतरण बंद." असं सव्वीस वर्षं. एकदा तर ताईंनी घरी नवऱ्याला "चहा घेणार का प्रश्नचिन्ह" असं विचारलं होतं, आणि त्या भल्या माणसाने "हो पूर्णविराम" असं उत्तर दिलं होतं.

मामांचा नियम एकच. मूळ प्रतीत आहे ते आणि तेवढंच. लेखकाने सूर्य पश्चिमेला उगवला असं लिहिलं असेल, तर तो पश्चिमेलाच उगवणार. "आपण लेखकाचे हमाल," ते म्हणायचे. "पोतं पोचवायचं. आत हात घालायचा नाही." पान तपासून झालं की कोपऱ्यात ते आपला शिक्का दाबायचे. त्या शिक्क्याशिवाय पान यंत्रावर चढत नसे, मग साहेब कितीही नाचोत.

निवृत्तीला दोन आठवडे उरले तेव्हा शेवटचं पुस्तक आलं. हत्तींच्या गोष्टी. अंधशाळांतल्या मुलांसाठी देशोदेशीहून गोळा केलेल्या एकवीस गोष्टी. मामा खुशीत होते. त्यांनी आयुष्यभरात शेकडो हत्ती तपासले होते. राजाला पाठीवरून नेणारे, सुई टोचणाऱ्या शिंप्यावर चिखल उडवणारे, म्हाताऱ्या माहुताला वीस वर्षांनी ओळखून सोंडेने कवटाळणारे. त्यांचं एक मतही बनलं होतं.

"ताई, माणसं हत्तीला गोष्टीत घेतात ते कामालाच. ओझं वाहा, सूड घे, नाहीतर तात्पर्य सांग. बिचाऱ्याला स्वतःचं म्हणून काही काम कुणी देतच नाही."

"आपल्याला तरी कुठे दिलंय? चला, पुढची ओळ."

वीस गोष्टी सुरळीत पार पडल्या. एकविसावी आली, आणि हत्ती गेला नि शेपूट राहिलं. ती गोष्ट होती सहा आंधळ्यांची. एकाच्या हाती पाय लागतो, तो म्हणतो हत्ती म्हणजे खांब. दुसऱ्याच्या हाती कान, तो म्हणतो सूप. तिसरा शेपटीला दोरी म्हणतो. सगळे हमरीतुमरीवर येतात आणि शेवटी एक डोळस शहाणा येऊन त्यांना हसतो.

मामांची बोटं थांबली. ही गोष्ट त्यांनी लहानपणापासून ऐकली होती, डोळसांच्या तोंडून, आणि हसून सोडून दिली होती. पण आजवर ती ठिपक्यांत कधी आली नव्हती.

"शिक्का देणार नाही," ते म्हणाले आणि उठून सरळ साहेबांच्या खोलीत गेले. ताई मागोमाग.

साहेब वयाने लहान, स्वभावाने बरे, फक्त घाईचे. "मामा, ही गोष्ट सगळ्या जगाला माहीत आहे. आणि ती आंधळ्यांवर नाहीच. अर्धवट माहितीवर भांडणाऱ्या माणसांवर आहे."

"मग डोळस घ्या की सहा. डोळे बांधा त्यांचे."

"असं कसं!"

"साहेब, मी जन्मभर आंधळ्यांत राहिलोय. आम्ही भांडतो, चिक्कार भांडतो. पण समोर एवढी मोठी वस्तू असताना एका जागी हात ठेवून गप्प उभा राहणारा आंधळा मला अजून भेटायचाय. अहो, आम्ही नवीन खुर्चीलासुद्धा चारी बाजूंनी चाचपल्याशिवाय बसत नाही!" मामांचा आवाज चढला, मग एकदम खाली आला. "शाळेत एखादी सात वर्षांची पोर हे पान बोटांनी वाचेल. तिला काय कळेल? आपल्यासारखी सहा जणं जमली, की सातवा येऊन हसतो."

साहेबांनी हातातलं पेन खाली ठेवलं. मग म्हणाले, "मूळ प्रतीत आहे ते आणि तेवढंच, हे कोण म्हणतं हो मामा?"

मामांना स्वतःच्याच काठीचा मार बसला होता.

"पुढच्या शुक्रवारपर्यंत शिक्का द्या," साहेब म्हणाले. "नाहीतर तुमच्या जागी नवा माणूस येईपर्यंत पुस्तक पडून राहील. मग पोरांना एकही हत्ती मिळायचा नाही." आणि अगदी सहज, काही मनात न ठेवता त्यांनी विचारलं, "तुम्ही तरी कधी हत्तीला हात लावलाय का?"

लावला नव्हता. शेकडो हत्तींचे स्वल्पविराम नीट करणाऱ्या माणसाने एकाही हत्तीला हात लावला नव्हता. हे मामांना इतकं झोंबलं की त्या दिवशी ते डबा न उघडता घरी घेऊन गेले, आणि बायकोची बोलणी खाल्ली ती वेगळीच.

शनिवारी ताई त्यांना घेऊन प्राणिसंग्रहालयात गेल्या. तिथे सर्कशीतून सुटलेली एक म्हातारी हत्तीण होती. तिला सांभाळणारा माहूत तिला आजी म्हणायचा. मामा कशाला आलेत हे ऐकल्यावर तो म्हणाला, "या की. तिला गडबड आवडत नाही, तेवढं सांभाळा."

मामांनी पहिला हात लावला तो नेमका पायाला.

"काय लागलं?" ताईंनी विचारलं.

मामा ओशाळले. "खांबच आहे हो."

ताई इतक्या हसल्या की त्यांना कठड्याला धरून उभं राहावं लागलं. पण मामा थांबले थोडेच! खांबावरून वर गेले, पोटाखाली वाकले, आत कुठेतरी होणारी गुरगुर तळहातावर घेतली. शेपटीच्या टोकाचे केस तारेसारखे ताठ निघाले. कानाची मागची बाजू मऊ होती, ऊन होती. माहुताने स्टूल आणून दिलं, तर त्यावर चढून पाठीचा कणाही झाला. पाऊण तास मामा तिच्याभोवती फिरत होते आणि तोंडाने सगळं सांगत होते, विरामचिन्हांसकट.

मग खाली उतरून ते आजीच्या तोंडासमोर उभे राहिले, आणि त्यांच्या बुटांवर काहीतरी ओलसर टेकलं.

"हलू नका," माहूत म्हणाला. "आता तिची पाळी."

सोंड बुटांवरून गुडघ्यावर आली. खिसा हुंगला. हाताशी थांबली आणि बोटं एकेक करून पाहिली, अंगठ्यापासून करंगळीपर्यंत, एकही न गाळता. मग छाती, गळा, हनुवटी. गरम श्वास मामांच्या गालावर आला. शेवटी सोंडेचं टोक त्यांच्या मिटलेल्या पापण्यांवर टेकलं आणि तिथे बराच वेळ राहिलं.

"तिचे दोन्ही डोळे गेलेत," माहूत म्हणाला. "सहा वर्षं झाली. नवीन माणूस आलं की असंच सगळं बघून घेते. एकदा बघितलं की पक्कं."

मामा नुसते उभे होते. त्यांच्या तोंडावरून असा हात आईनंतर कुणी फिरवला नव्हता. त्यांना रडू आलं, आणि त्यांनी ते येऊ दिलं.

परतीच्या बसमध्ये ते खिडकीशी बसले. मग म्हणाले, "ताई, त्या गोष्टीत एक राहून गेलंय. मग हत्तीने सोंड पुढे केली आणि सहाही जणांना नीट चाचपून पाहिलं. तेव्हा ते भांडायचे थांबले. असं पाहिजे होतं शेवटी."

"मग घाला ना. जुनी गोष्ट आहे, जो तो आपल्या परीने सांगतो."

"छे! एकतीस वर्षं पोतं उघडलं नाही, आता जाता जाता उघडू? शुक्रवारी शिक्का देतो. निदान बाकीचे वीस हत्ती तरी पोचतील पोरांपर्यंत." त्यांनी खिडकीकडे तोंड वळवलं.

शुक्रवारी ताईंनी पान समोर ठेवलं. "खालचे ठिपके नीट उठले नव्हते. नवीन करून आणलंय. पहिल्यापासून वाचू या."

वाचन सुरू झालं. खांब, सूप, दोरी, हमरीतुमरी. मामांची बोटं कामगारासारखी चालत होती, मन त्यात नव्हतं. डोळस शहाणा आला, हसला, पूर्णविराम. मामांनी शिक्क्याकडे हात नेला.

पण ताई थांबल्या नव्हत्या. "मग हत्तीने सोंड पुढे केली आणि सहाही जणांना नीट चाचपून पाहिलं पूर्णविराम तेव्हा ते भांडायचे थांबले पूर्णविराम."

मामांचं बोट परत पानावर आलं. खाली ओळ होती. ठिपका न् ठिपका जागेवर होता.

"ताई, हे मूळ प्रतीत आहे?"

"माझ्या कागदावर आहे, म्हणून वाचतेय."

सव्वीस वर्षांत ताईंनी कागदावर नसलेलं एक अक्षर वाचलं नव्हतं. मामांनी हात पुढे केला. ताईंनी कागद दिला. मामांनी तो उलटा केला आणि पाठीवरून बोट फिरवलं. छापील मजकूर सपाट होता, पाठीला काहीच लागत नव्हतं. अगदी तळाशी मात्र बॉलपेनचे वळ उठले होते, दोन ओळी, सावकाश आणि ठसठशीत. त्यांच्याखाली आणखी एक वळ होता, तिरपा, रागावल्यासारखा दाबलेला, आणि शेवटी एक लांबलचक शेपटी.

मामांनी ती शेपटी दोनदा चाचपली. मग कागद सुलटा करून ताईंना परत दिला.

"बरोबर आहे," ते म्हणाले आणि त्यांनी शिक्का दाबला.